दिवाळीचा किल्ला: फोर्ट डेव्हिसचा तट किती उंच करायचा?

किल्लेवेडा_कोथरूड

नमस्कार मंडळी. सोसायटीच्या दिवाळीच्या किल्ल्यासाठी यंदा मुलांनी परदेशी किल्ला निवडलाय: टेक्सासमधला फोर्ट डेव्हिस, साल १८८० धरून. जागा ८ फूट × ६ फूट आहे आणि मागे कंपाउंडची भिंत आहे. लाल माती, विटांचे तुकडे, पोती, सगळं हाताशी आहे. अडलंय ते माहितीपाशी.

१. तट किती उंच, बुरूज किती, महादरवाजा कुठल्या बाजूला?
२. कुंभारवाड्यातले मावळे इथे चालणार नाहीत. मग सैनिक कोणत्या मापाचे घ्यायचे आणि कपड्यांना रंग कोणते द्यायचे?
३. माहितीफलकावर सैनिकांचा शिधा, पगार, घोडे, हत्यारं यांचे नेमके आकडे हवे आहेत.
४. या किल्ल्याला वेढा पडला तेव्हा तो किती दिवस लढला?

गुगलवर लाकडी खांबांचे उंच तट दिसतात, तसंच करायचं का?

---

कातळकडा

तट करूच नका. फोर्ट डेव्हिसला तट नव्हता. बुरूज, खंदक, महादरवाजा, यातलंही काही नव्हतं. त्यामुळे वेढा पडण्याचाही प्रश्न आला नाही.

घोळ 'फोर्ट' या शब्दाने होतो. आपण तो ऐकला की डोळ्यांसमोर राजगड येतो. अमेरिकेच्या नैर्ऋत्य सरहद्दीवरचे एकोणिसाव्या शतकातले बहुतेक फोर्ट म्हणजे आपली खडकी छावणी. १८१७ नंतर इंग्रजांनी खडकीला आणि कॅम्पात जे उभं केलं, ते आठवा: मधे कवायतीचं मैदान, एका बाजूला साहेबांच्या बंगल्यांची रांग, समोर बराकी, मागे पागा आणि कोठारं. फोर्ट डेव्हिसचा आराखडा हाच आहे. मुलांना एकदा खडकीच्या रस्त्यांवरून फिरवून आणा, निम्मं काम तिथेच होईल.

तट का नव्हता? समोरचा शत्रू कसा लढतो यावर ते ठरतं. अपाची किंवा कोमांचे या मूळ रहिवाशांच्या टोळ्या तोफा घेऊन वेढा घालायला येत नसत. लहान टोळीने यायचं, जनावरं न्यायची, टपालगाडी किंवा मालाचा तांडा गाठायचा आणि डोंगरात नाहीसं व्हायचं, ही त्यांची रीत. अशा लढाईत तटाच्या आत बसलेला सैनिक निरुपयोगी. सैन्याचं काम रस्ता राखण्याचं होतं. १८४९ नंतर कॅलिफोर्नियाच्या सोन्यासाठी माणसांची रीघ लागली. सॅन अँटोनियो ते एल पासो हा रस्ता त्यातलाच, आणि त्यावर ठरावीक टप्प्यांनी फोर्ट बसवले गेले: स्टॉकटन, डेव्हिस, क्विटमन, ब्लिस.

आता जागा. ऑक्टोबर १८५४ मध्ये लेफ्टनंट कर्नल वॉशिंग्टन सीवेल ८ व्या पायदळाच्या सहा कंपन्या घेऊन इथे आला. जागा त्याच्या वरिष्ठाने, जनरल पर्सिफर स्मिथने निवडली होती: तिन्ही बाजूंनी कड्यांनी वेढलेली घळ, जवळ लिंपिया ओढा, चांगली हवा, जळणाला लाकूड. सीवेलला ती पसंत नव्हती, कारण कड्यांवर चढून कोणीही खालच्या छावणीवर नेम धरू शकत होता. त्याने आत तात्पुरत्या कुडाच्या झोपड्या उभारल्या आणि पक्कं बांधकाम बाहेर मोकळ्यावर करण्याची इच्छा धरली. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध सुरू झालं, फौज निघून गेली आणि ती पहिली छावणी मोडकळीला आली. १८६७ च्या उन्हाळ्यात लेफ्टनंट कर्नल वेस्ली मेरिट ९ व्या घोडदळाच्या चार कंपन्या घेऊन परतला. त्याने नवी छावणी घळीच्या तोंडाशी, बाहेरच्या सपाटीवर बांधायला घेतली. तुम्हाला १८८० दाखवायचं आहे, म्हणजे ही दुसरी छावणी करायची.

मांडणी अशी करा. कंपाउंडची भिंत पश्चिम धरा. तिला टेकून कडे आणि मधे घळ. घळीच्या तोंडाशी अधिकाऱ्यांच्या घरांची सरळ रांग, तोंड पूर्वेला. पुढे कवायतीचं मैदान, मधे निशाणकाठी. मैदानापलीकडे बराकी. बराकींच्या मागे पागा आणि कुंपणाचे वाडे. इस्पितळ मात्र अधिकाऱ्यांच्या घरांच्या मागे, घळीच्या बाजूला घ्या. कड्यांचा दगड ज्वालामुखीचाच आहे, पण आपल्या सह्याद्रीसारखा काळा नाही, तांबूस तपकिरी आहे आणि उभ्या खांबांसारखा फुटलेला. पोत्यावर माती लिंपताना आडवे थर काढायची सवय हाताला असते. इथे ओल्या मातीत कंगवा वरून खाली ओढा.

---

किल्लेवेडा_कोथरूड

बापरे, हे माहीतच नव्हतं. पण मग ते लाकडी खांबांचे तट आले कुठून? मुलांचं मन तटात अडकलंय.

---

कातळकडा

तेही खरे आहेत, फक्त ते दुसरीकडचे. उत्तरेला, जिथे देवदारासारख्या झाडांचं जंगल जवळ होतं आणि समोर लाकोटा-शायान या जमातींची मोठी फौज एकवटू शकत होती, तिथे काही ठिकाणी तट घातले. सगळ्यात ठळक म्हणजे वायोमिंगमधला फोर्ट फिल कर्नी, १८६६. कर्नल हेन्री कॅरिंग्टनने १८ व्या पायदळाकडून बांधून घेतला. ११ फुटी खांब, ३ फूट जमिनीत, ८ फूट वर. ४,००० हून जास्त खांब लागले. आतलं क्षेत्र सुमारे १७ एकर. लांबी १,४९६ फूट, रुंदी उत्तरेला ६०० फूट, दक्षिणेला निमुळती होत २४० फूट.

हे तुमच्या जागेत बसवायचं तर १:२०० प्रमाण धरावं लागेल. लांबी साडेसात फूट, रुंदी तीन फूट. पण मग तटाची उंची फक्त १.२ सेंटिमीटर येते आणि माणूस एक सेंटिमीटरपेक्षाही बुटका. ८ फुटी तट म्हणजे उभ्या माणसापेक्षा जेमतेम सव्वा-दोन फूट उंच. चित्रांत तो तिप्पट उंच दाखवतात म्हणून डोळा फसतो.

आणि या तटाने काय साधलं तेही मुलांना सांगा. तो कधी फोडला गेला नाही. पण जळणाचं आणि बांधकामाचं लाकूड काही मैलांवरून गाड्यांनी आणावं लागे, आणि हल्ले त्या लाकूडगाड्यांवर होत. २१ डिसेंबर १८६६ ला अशाच लाकूडगाड्यांच्या मदतीला कॅप्टन विल्यम फेटरमन बाहेर पडला, हूल देणाऱ्या घोडेस्वारांच्या मागे टेकडीपलीकडे गेला आणि त्याच्यासह ८१ जण मारले गेले. त्यातला एकही परत आला नाही. या जमातींशी झालेल्या १८६८ च्या तहानंतर सैन्याने फोर्ट सोडला, तेव्हा शायानांनी तो जाळून टाकला. तट शाबूत होता, पण लाकूड तटाबाहेर होतं.

डेव्हिसकडे या. तिथे लाकडाच्या जागी पाणी आहे. तुमचा चौथा प्रश्न 'किती दिवस लढला' असा आहे, त्याचं खरं उत्तर १८८० च्या उन्हाळ्यात मिळतं, आणि ते छावणीपासून दूर, रखरखीत पाणवठ्यांवर.

अपाची नेता व्हिक्टोरियो मेक्सिकोतून टेक्सासमध्ये शिरत होता. १० व्या घोडदळाचा कर्नल बेंजामिन ग्रिअर्सन याने पाठलागाचा नाद सोडला. अपाचींच्या मागावर जाऊन घोडी दमतात, हाती काही लागत नाही, हे आधीच्या वर्षांत दिसलं होतं. त्याऐवजी त्याने पाणवठे आधीच धरून ठेवले. या मुलखात जुलै-ऑगस्टमध्ये माणसांना आणि घोड्यांना पुरेल इतकं पाणी मोजक्याच ठिकाणी असतं, त्यामुळे व्हिक्टोरियोला त्यांतल्या एखाद्याकडे यावंच लागणार होतं. ३० जुलैला तिनाहा दे लास पाल्मास या कातळातल्या डोहापाशी झटापट झाली आणि तो मागे हटला. मग त्याने दुसरीकडून वर जायचा प्रयत्न केला. ग्रिअर्सन डोंगराच्या आडून समांतर निघाला, २१ तासांत ६५ मैल तोडून रॅटलस्नेक स्प्रिंग्जला त्याच्याआधी पोचला. ६ ऑगस्टला तिथेही पाणी मिळू दिलं नाही. व्हिक्टोरियो मेक्सिकोत परतला आणि ऑक्टोबरमध्ये त्रेस कास्तियोस इथे मेक्सिकन फौजेकडून मारला गेला.

'तिनाहा' हा शब्द फलकावर जरूर घ्या. कातळातला नैसर्गिक खळगा, ज्यात पावसाचं पाणी साठतं. सिंहगडाचं देवटाकं पाहिलेल्या पोरांना दुसरं काही समजावून सांगावं लागणार नाही.

माझं मत विचाराल तर आठ फुटांतले शेवटचे दोन फूट छावणीला देऊ नका. तिथे उजाड जमीन, एक कातळ, त्यात आरशाच्या तुकड्याचा डोह आणि भोवती दगडांची कमरेइतकी ओळ रचून आडवे झालेले सैनिक दाखवा. तुमचा तट तो.

---

पांढरीमाती

इमारतींबद्दल मी लिहितो. कातळकडांनी प्रमाण थोडक्यात सोडलंय, त्याने सुरुवात करतो.

१:१०० घ्या. आर्किटेक्चरच्या विद्यार्थ्यांना लागणारी त्या मापाची माणसं आणि झाडं पुण्यात सहज मिळतात. माणूस पावणेदोन सेंटिमीटरचा. बाजारातले हिरवे प्लास्टिकचे सैनिक साधारण पाच सेंटिमीटरचे असतात, म्हणजे १:३५ च्या आसपास. त्या मापात एकच बराक सव्वापाच फूट लांब होईल आणि जागा संपेल.

दुसऱ्या छावणीतली बराक १८६ फूट लांब, २७ फूट रुंद. १:१०० ला ५७ सेंमी × ८ सेंमी. मधे आरपार वाट, तिच्या दोन्ही अंगांना झोपायच्या लांब खोल्या, मागे जेवणघर आणि स्वयंपाकघर. एकमजली. भिंत साधारण १२ फूट, म्हणजे साडेतीन-चार सेंमी धरा. पुढे पडवी, तिचे खांब बारीक. दोन बराकी पुरेत. १८८० च्या दशकात इथे शंभरावर इमारती होत्या आणि चारशेहून जास्त सैनिकांची सोय होती. ते सगळं तुम्हाला मावणार नाही, मावायची गरजही नाही.

भिंती ॲडोबीच्या. ॲडोबी म्हणजे आपली कच्ची वीट, उन्हात वाळवलेली, न भाजलेली. पेठांतल्या जुन्या वाड्यांत पांढऱ्या मातीच्या भिंती असतात, त्याच जातीची. माती घ्यायची ती चिकण आणि वाळू मिसळलेली. चिकणमाती फार झाली की वीट वाळताना तडकते, वाळू फार झाली की कोपरे हातात गळतात. त्यात पेंढा. पेंढ्याने वीट 'मजबूत' होते असं सगळे लिहितात, पण त्याचं मुख्य काम वाळताना ओल सारखी बाहेर पडू देणं आणि तडे आवरणं हे. माती रात्रभर भिजवायची, पायाने मळायची, तळ नसलेल्या लाकडी साच्यात दाबायची आणि साचा लगेच वर उचलायचा. साचा दरवेळी पाण्यात बुडवून घेतला नाही तर माती कडांना चिकटून वीट फाटते. दोन-तीन दिवस आडवी, मग कडेवर उभी, आणि रचायच्या आधी तीन-चार आठवडे वाळवण. १४ × १० × ४ इंचाची एक वीट तेरा-चौदा किलो भरते. जोडाईचा गारा त्याच मातीचा.

तुमच्या किल्ल्यासाठी विटा वेगवेगळ्या पाडू नका. लाल माती एक भाग, चाळलेली वाळू एक भाग, थोडा बारीक कापलेला काथ्या, आणि एक सेंमी जाडीची पट्टी लाटून भिंती कापा. चामड्याइतकी कडक झाली की दारं-खिडक्या कापायच्या. ओल्यावर कापल्या तर वरची कमान खाली बसते.

पाया दगडाचा दाखवा, तिथेच सगळं गणित आहे. मातीची भिंत वरून कमी आणि खालून जास्त मरते. जमिनीतली ओल भिंतीत चढते, वाळताना क्षार पृष्ठभागाशी साठतात, त्यांचे कण फुगतात आणि पायथ्याची माती पापुद्र्यांनी सुटते. त्यात पागोळ्यांचा शिंतोडा. दहा-पंधरा वर्षांत पायथ्याशी बोटभर ते वीतभर खाच पडते, मग वरचं सगळं ओझं उरलेल्या जाडीवर. पाया जमिनीच्या वर हात-दीड हात दगडात घेतला तर हे टळतं. शनिवारवाड्यात खाली दगड आणि वर वीट हे गणित ज्यांनी पाहिलंय त्यांना सांगायला नको.

दुसरी जागा छपर. या मुलखात सुरुवातीला सपाट मातीचं छपर सर्रास. तुळया, त्यांवर आडवी किलचणं, त्यावर गवत किंवा झावळ्या, त्यावर माती. सोलापूर-मराठवाड्यात याला आपण धाबं म्हणतो. फरक असा की धाब्याला दरवर्षी पावसाआधी कोणी तरी माती घालतं, चोपतं, पन्हळ साफ करतं. सैन्यात तुकडी बदलली की ते कोणी करत नाही. उन्हाळी वळवात छपर गळतं, आत अंथरुणावर चिखल, आणि पावसानंतरही बराच वेळ गळतच राहतं. म्हणून जिथे लाकूड पोचलं तिथे उतरती लाकडी छपरं आली. तुम्ही १८८० साठी अधिकाऱ्यांच्या घरांना उतरती छपरं द्या.

न्यू मेक्सिकोतल्या फोर्ट युनियनमध्ये, जो मोठं कोठार म्हणून १८६३ ते ६९ मध्ये तिसऱ्यांदा बांधला गेला, मातीच्या भिंतींच्या माथ्यावर भाजलेल्या विटांची पट्टी फिरवली होती. पाणी भिंतीच्या माथ्यातून आत शिरू नये म्हणून. १८९१ मध्ये तो सोडल्यावर छपरांचं लाकूड गेलं, आणि छपर गेलं की मातीची भिंत साखरेसारखी विरघळते. आज तिथे उभ्या भिंतींपेक्षा दगडी पाये आणि विटांची धुरांडी जास्त टिकलेली दिसतात.

एक कळकळीची विनंती: किल्ल्याच्या मातीत सिमेंट मिसळू नका. प्रतिकृतीला चालेलही, पण मुलांच्या डोक्यात चुकीचं बसतं. सिमेंटचा गिलावा मातीच्या भिंतीवर चढवला की आतली ओल अडकते, भिंत आतून कुजते आणि एक दिवस गिलाव्यासकट कोसळते. अमेरिकेत हे केलं गेलं आणि मग वर्षानुवर्षं निस्तरावं लागलं. आपल्याकडे जुन्या वाड्यांना आजही हेच होतंय.

---

घोडपागा

शिधा आणि घोडे.

सैनिकाचा रोजचा शिधा नियमाने: खारवलेलं डुकराचं मांस ३४० ग्रॅम, किंवा गोमांस ५६७ ग्रॅम. पीठ किंवा पाव ५१० ग्रॅम. बाकीचं शंभर शिध्यांमागे मोजत: घेवड्यासारखी कडधान्यं ६.८ किलो किंवा तांदूळ ४.५ किलो, कच्ची कॉफी ४.५ किलो, साखर ६.८ किलो, व्हिनेगर पावणेचार लिटर, मीठ १.७ किलो, साबण १.८ किलो, शिवाय मेणबत्त्या. म्हणजे माणशी दिवसाला ४५ ग्रॅम कॉफी. या यादीत भाजी-फळ कुठेच नाही, हे फलकावर ठळक लिहा. त्याचा परिणाम स्कर्व्ही: हिरड्या सुजतात, जुन्या जखमा उघडतात. उपाय म्हणून प्रत्येक छावणीने भाजीचा मळा करायचा, आणि तो पाण्याशेजारीच होतो. तुमच्या लिंपिया ओढ्याकाठी तीन-चार वाफे काढा. तिथे आळीव पेरायला हरकत नाही.

शिध्यातली एक बारीक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. पिठात पाणी मुरतं, म्हणून ५१० ग्रॅम पिठाचा पाव त्यापेक्षा बराच जड भरतो. भट्टी छावणीची असली की माणशी ५१० ग्रॅम पाव देऊन पीठ उरतं. ते विकून आलेला पैसा छावणीच्या फंडात जाई आणि त्यातून पुस्तकं, बियाणं घेतलं जाई. भट्टी दाखवा, छोटी असली तरी.

पगार १८७१ नंतर साध्या शिपायाला महिना १३ डॉलर. त्याआधी १६ होता. कपात झाली त्या वर्षी सैन्यातले जवळजवळ तिसरा हिस्सा लोक पळून गेले. पैसे घेऊन येणारा अधिकारी दोन महिन्यांनी यायचा नियम, प्रत्यक्षात उशीर नेहमीचा. आणि बांधकामही याच सैनिकांकडून. मजुरीला दिवसाला २० सेंट जादा, सुतार-गवंड्याला ३५ सेंट. जो माणूस बंदूक चालवायला भरती झाला तो महिनोन्‌महिने विटा पाडत होता.

घोड्याची चंदी दिवसाला ५.४ किलो धान्य, म्हणजे मका, ओट किंवा बार्ली, आणि ६.३ किलो गवत. खेचराला गवत तेवढंच, धान्य ४ किलो. आता साठ घोड्यांची एक कंपनी धरा. रोज सव्वातीनशे किलो धान्य लागलं. सहा खेचरांची गाडी अठराशे किलोच्या आसपास ओढते, म्हणजे एक पूर्ण गाडी साडेपाच दिवसांत संपली. सॅन अँटोनियो चारशे मैलांच्या आसपास. रस्त्यात वीस दिवस गेले तर ती सहा खेचरं स्वतःच पाचशे किलोला जवळ खातात, पाव गाडी. म्हणून गवत-दाणा जवळच्या ठेकेदारांकडून घ्यावा लागे, आणि भाव ते ठरवत. घोड्याला उन्हाळ्यात तीस-चाळीस लिटर पाणी लागतं ते वेगळंच. चंदीशिवाय नुसत्या चाऱ्यावर दौड करणारा घोडा काही दिवसांत उतरतो. अपाचींचं हे ओझं नव्हतं: घोडा थकला तर सोडून द्यायचा, दुसरा धरायचा, नाही तर डोंगरातून पायी जायचं.

डोंगरात गाडी चालत नाही तिथे खेचरांवर पाठीवर माल. त्यासाठी मेक्सिकन पद्धतीचं 'आपारेहो': चामड्याचं, आत गवत भरलेलं. आपलं खोगीरच. गवत कुठे किती भरायचं ते प्रत्येक जनावराच्या पाठीप्रमाणे ठरतं, चुकलं की पाठ सोलते आणि जनावर महिनाभर बाद. खोगीरभरती या शब्दाला आपण हलका अर्थ दिलाय, पण अमेरिकन सैन्यातल्या जनरल जॉर्ज क्रुकने याच भरतीकडे जातीने लक्ष दिलं म्हणून त्याचे खेचरांचे तांडे माग काढणाऱ्या तुकड्यांच्या बरोबरीने चालले. खेचरामागे साधारण ११० किलो.

घोडेस्वाराची जीन मॅकलेलन पद्धतीची, १८५९ पासूनची. लाकडी सांगाडा, त्यावर कच्चं कातडं ताणून शिवलेलं. कोरड्या हवेत ते कातडं शिवणीवर फाटून कडा उभ्या राहत आणि मांड्या कापत. पुढे वरून कमावलेलं चामडं चढवलं.

---

दारूकोठार

हत्यारं आणि गणवेश.

१८८० ला स्प्रिंगफील्ड बंदूक, १८७३ चा नमुना. एका वेळी एकच गोळी. वरची झडप उघडायची, काडतूस सारायचं, झडप बंद. पायदळाच्या बंदुकीत दारू साडेचार ग्रॅम, शिशाची गोळी २६ ग्रॅम. घोडदळाच्या आखूड कार्बाइनला दारू कमी, साडेतीन ग्रॅमच्या थोडी वर, नाही तर धक्का सोसत नाही.

काय बिघडायचं: काडतुसाची नळी तांब्याची, मऊ. जलद गोळीबारात नळी तापून भिंतीला चिकटे, आणि बाहेर ओढणारा आकडा तिची कड फाडून मोकळा होई. चामड्याच्या पट्ट्यात ठेवलेल्या काडतुसांवर हिरवा गंज चढला की जास्तच. मग चाकूने उकरायचं. पुढे कार्बाइनच्या दस्त्यात तुकड्या-तुकड्यांची सळई द्यायला लागले, आणि त्यानंतर पितळी नळ्या आल्या. पितळ तापून फुगलं तरी परत आकसतं, तांबं तितकं आकसत नाही.

तोफ दाखवायचीच असेल तर एकच, निशाणकाठीजवळ: १२ पौंडी डोंगरी हॉवित्झर. नळी फक्त १०० किलो, आखूड, सुटी करून खेचरावर लादता येते. १:१०० ला नळी एक सेंमीपेक्षाही छोटी. मोठी तोफ ठेवू नका, शोभणार नाही. दारूखाना सगळ्या इमारतींपासून लांब, एकटा.

रंग: गडद निळा फ्लॅनेलचा डगला, आकाशी पँट, घोडदळातल्या कॉर्पोरल-सार्जंटांच्या पँटला पिवळी पट्टी. टोपी काळी, रुंद काठाची. राखी-तपकिरी टोपी १८८३ नंतरची, ती टाळा. मोहिमेवरचा सैनिक मात्र निम्मा तरी घरच्या कपड्यांत असे, सगळ्यांना एकसारखं रंगवू नका.

निशाणावर ३८ तारे. ४ जुलै १८७७ ते १८९० पर्यंत तेवढेच. पन्नास ताऱ्यांचं तयार निशाण लावलंत तर जाणकार तिथेच थांबेल.

आणि सैनिकांच्या चेहऱ्याचा रंग. कृपया गुलाबी करू नका. ९ वं आणि १० वं घोडदळ, २४ वं आणि २५ वं पायदळ, या कृष्णवर्णीय शिपायांच्या पलटणी. १८६७ ते १८८५ या काळात चारही फोर्ट डेव्हिसला राहून गेल्या. यांच्यातले बरेच जण काही वर्षांपूर्वी गुलाम होते. पळून जाण्याचं प्रमाण यांच्यात गोऱ्या पलटणींपेक्षा खूप कमी होतं. अधिकारी जवळजवळ सगळे गोरे. अपवाद हेन्री फ्लिपर, वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीतून १८७७ मध्ये बाहेर पडलेला पहिला कृष्णवर्णीय अधिकारी. १८८१ मध्ये फोर्ट डेव्हिसलाच त्याच्यावर कोर्ट मार्शल झालं. अफरातफरीचा आरोप टिकला नाही, तरी 'अधिकाऱ्याला न शोभणारं वर्तन' म्हणून १८८२ मध्ये त्याला काढून टाकलं. माफी १९९९ मध्ये आली, त्याच्या मृत्यूनंतर जवळजवळ साठ वर्षांनी. त्याच्यासाठी एक फलक वेगळा ठेवा.

---

लिंपियाकाठ

एकच भर. फलकावर 'रेड इंडियन' लिहू नका, आणि नुसतं 'शत्रू'ही नको. मेस्कालेरो अपाची, व्हिक्टोरियोचे वार्म स्प्रिंग्ज अपाची, कोमांचे, अशी नावं घाला. पाणवठे आधी त्यांचे होते, रस्ता नंतर त्यावरून गेला. व्हिक्टोरियो लढायला उठला तो त्याच्या लोकांना त्यांच्या न्यू मेक्सिकोतल्या ओहो कालियेन्तेच्या मुलखातून उचलून ॲरिझोनातल्या सॅन कार्लोसच्या रखरखाटात नेऊन बसवायचा हट्ट झाला म्हणून. सैन्याच्या बाजूनेही वाटाडे बहुतेकदा मूळ रहिवासीच होते. १८६६ च्या कायद्याने हजारापर्यंत असे वाटाडे पगारावर ठेवायला परवानगी होती.

आणि फोर्ट स्टॉकटन ज्या कोमांचे स्प्रिंग्जवर बसवला होता, ते झरे पुढे आटले. विसाव्या शतकात आजूबाजूच्या शेतीसाठी पंपांनी उपसा झाला.

---

किल्लेवेडा_कोथरूड

सगळ्यांचे मनापासून आभार. तट रद्द. १:१००, दोन बराकी, अधिकाऱ्यांची चार घरं, घळीत इस्पितळ, एक भट्टी, आणि पूर्वेच्या दोन फुटांत तिनाहा. शेवटचा प्रश्न: जमिनीवर हिरवळ किती? आणि पाणी छावणीत कसं आणायचे ते कसं दाखवू?

---

कातळकडा

हिरवळ जवळजवळ नाही. उंची पाच हजार फुटांच्या आसपास, गवत आहे पण ते वर्षातला बराच काळ पिवळं. वाळलेली हरळी हाताने चुरून ओल्या मातीवर भुरभुरवा आणि हलक्या हाताने दाबा. हिरवा रंग फक्त ओढ्याकाठी आणि झऱ्यापाशी, कॉटनवुडच्या मोठ्या झाडांना. झाडं आठ-दहाच ठेवा, सगळी पाण्याशी. कवायतीचं मैदान साफ, नुसती माती.

पाण्यासाठी ओढ्यापासून बराकींपर्यंत चाकोरीच्या दोन रेघा ओढा. माती ओली असतानाच, पेन्सिलीच्या टोकाने, दीड सेंमी अंतरावर. त्यावर खेचरांची एक गाडी, गाडीवर आडवं पिंप. प्रत्येक बराकीच्या आणि घराच्या दाराशी एक-एक पिंप ठेवा, औषधाच्या कॅप्सूलचा अर्धा तुकडा तपकिरी रंगवला की मापात बसतो. पाणीगाडी दिवसभर फेऱ्या मारी, त्यामुळे ही चाकोरी छावणीतल्या बाकी सगळ्या वाटांपेक्षा खोल गेलेली दाखवा.

तिनाहाजवळ मात्र चाकोरी नको. तिथे फक्त खुरांचे ठसे.